आत्महत्येस अपप्रेरणा : सिद्धतेचा इतिहास आणि कर्जबाजारी शेतकऱ्याचा प्रश्न

प्रस्तावना :

पुसदलगतच्या महागाव तालुक्यातील चिलगव्हाण येथील शेतकरी साहेबराव करपे, त्यांची पत्नी व चार मुले यांचा १९ मार्च १९८६ रोजी अंत झाला. महाराष्ट्रातील शेतकरी आत्महत्यांची चर्चा प्रायः या घटनेपासून सुरू होते. अशा प्रत्येक घटनेनंतर 'याला जबाबदार कोण ?' हा प्रश्न समाज विचारतो. फौजदारी न्यायालयापुढील प्रश्न मात्र याहून अरुंद असतो : कोणत्या व्यक्तीने, कोणत्या कृतीने आणि कोणत्या हेतूने मृतास आत्महत्येकडे नेले ? या दोन प्रश्नांतील अंतर कसे निर्माण झाले, याचा ऐतिहासिक शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

संज्ञा व उगम :

आत्महत्येस साहाय्य करणाऱ्यास शिक्षा देण्याचा विचार आधुनिक भारतीय कायद्यात प्रथम सतीप्रथेच्या संदर्भात आला. १८२९ च्या बंगाल विनियमाने सती जाण्यास साहाय्य करणे हा सदोष मनुष्यवध ठरविला. पुढे १८६० च्या भारतीय दंड संहितेत कलम ३०६ अन्वये आत्महत्येस अपप्रेरणा देणाऱ्यास दहा वर्षांपर्यंतच्या कारावासाची तरतूद झाली. अपप्रेरणेची व्याख्या कलम १०७ मध्ये होती. तिचे तीन प्रकार सांगितले गेले : चिथावणी देणे, कटात सामील होणे आणि उद्देशपूर्वक साहाय्य करणे. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेत याच तरतुदी अनुक्रमे कलम १०८ व ४५ मध्ये आल्या आहेत.

येथे भाषेचा एक मुद्दा लक्षात घेतला पाहिजे. वृत्तपत्रे 'आत्महत्येस प्रवृत्त करणे' असा शब्दप्रयोग करतात. त्यातून कारण झालेला प्रत्येक जण दोषी, असा अर्थ सहज निघतो. कायद्याच्या 'अपप्रेरणा' या संज्ञेत मात्र हेतू अभिप्रेत आहे. एखाद्याच्या वागण्याने दुसऱ्यास जगणे असह्य झाले, एवढ्याने अपप्रेरणा सिद्ध होत नाही.

१९८३ ची दुरुस्ती :

केंद्रीय कायद्यात सिद्धतेचा हा भार एका क्षेत्रात हलका करण्यात आला. हुंडाबळींविरुद्धच्या स्त्री-चळवळीच्या रेट्यामुळे १९८३ मध्ये दंड संहितेत कलम ४९८-अ आणि पुरावा अधिनियमात कलम ११३-अ समाविष्ट झाले. विवाहानंतर सात वर्षांच्या आत स्त्रीने आत्महत्या केली आणि पतीने वा त्याच्या नातेवाइकांनी तिला क्रूरतेने वागविल्याचे दिसून आले, तर न्यायालयास अपप्रेरणा गृहीत धरता येते. ही तरतूद आता भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ११७ मध्ये आहे.

तथापि असे गृहीत धरणे न्यायालयावर बंधनकारक नाही. रमेश कुमार विरुद्ध छत्तीसगड राज्य (२००१) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पतीची क्रूरतेबद्दलची शिक्षा कायम ठेवली. परंतु अपप्रेरणेच्या आरोपातून त्याची मुक्तता केली. रागाच्या भरात उच्चारलेले शब्द, परिणामाचा हेतू नसल्यास, चिथावणी ठरत नाहीत, असे तत्त्व त्यातून दृढ झाले.

मृताच्या लेखनाविषयी महत्त्वाचा निर्णय महाराष्ट्रातील आहे. पुण्यातील विवाहितेच्या मृत्यूसंबंधीच्या शरद बिर्धीचंद सारडा विरुद्ध महाराष्ट्र राज्य (१९८४) या खून-खटल्यात तिच्या पत्रांचा प्रश्न उपस्थित झाला. मृत्यूच्या कारणाशी वा परिस्थितीशी संबंधित असलेले मृताचे कथन, मृत्यू खुनाने झालेला असो वा आत्महत्येने, पुराव्यात येऊ शकते, हे त्या निर्णयात स्पष्ट झाले. मात्र पुराव्यात येणे वेगळे आणि त्यातून अपराध सिद्ध होणे वेगळे. त्याच खटल्यात परिस्थितीजन्य पुराव्याच्या पाच कसोट्या घालून देऊन न्यायालयाने आरोपीस निर्दोष ठरविले.

कर्ज आणि अपप्रेरणा :

कर्जदारासाठी कलम ११३-अ सारखी तरतूद केंद्रीय कायद्यात झाली नाही. त्यामुळे सावकार वा वसुली कर्मचारी आरोपी असताना हेतू, प्रत्यक्ष कृती आणि त्या कृतीचा मृत्यूशी असलेला निकटचा संबंध हे सर्व अभियोग पक्षालाच सिद्ध करावे लागते. वित्तीय कंपनीच्या कर्मचाऱ्याने हप्त्याची मागणी करणे हा त्याच्या कर्तव्याचा भाग असून ती अपप्रेरणा नव्हे, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२१ मध्ये म्हटले. महेंद्र आवासे विरुद्ध मध्य प्रदेश राज्य (२०२५) या प्रकरणातही कर्जवसुलीचाच संदर्भ होता. केवळ मृताच्या कुटुंबीयांच्या भावना शांत करण्यासाठी या कलमाचा यांत्रिकपणे वापर होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात बजावले.

मग कर्जदारासाठीही गृहीत धरण्याची तरतूद करावी काय ? गंगुला मोहन रेड्डी विरुद्ध आंध्र प्रदेश राज्य (२०१०) हे प्रकरण येथे उद्बोधक आहे. त्यात आरोपी स्वतः शेतकरी होता आणि मृत व्यक्ती त्याचा शेतमजूर होती. मजुरावर चोरीचा आळ घेतल्याचा आणि आगाऊ दिलेले सात हजार रुपये परत मागितल्याचा आरोप त्याच्यावर होता. खालच्या न्यायालयांनी दोषी ठरविलेल्या या शेतकऱ्यास सर्वोच्च न्यायालयाने मुक्त केले. सालगड्यास उचल देण्याची रीत असलेल्या आपल्या भागात या निर्णयाचा अर्थ सहज कळावा. ज्या कसोटीमुळे सावकार सुटतो, तीच कसोटी सामान्य शेतकऱ्याचेही रक्षण करते.

निष्कर्ष :

यावरून दोन निष्कर्ष निघतात. पहिला, लोकक्षोभ शमविण्यासाठी घाईने दाखल केलेला अपप्रेरणेचा गुन्हा टिकत नाही आणि वर्षानुवर्षांनंतर मृताच्या कुटुंबाच्या हाती काहीच उरत नाही. गुन्हा टिकवायचा असेल तर चिठ्ठी, दूरध्वनीच्या नोंदी, धमकीचे साक्षीदार आणि शेवटच्या दिवसांतील घटनाक्रम प्रारंभीच जतन झाला पाहिजे.

दुसरा निष्कर्ष अधिक महत्त्वाचा आहे. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ नुसार विनापरवाना सावकारी आणि वसुलीसाठी कर्जदारास त्रास देणे हे स्वतंत्र अपराध आहेत. तसेच सावकाराने बळकावलेली स्थावर मालमत्ता परत मिळविण्याचीही तरतूद आहे. त्यासाठी कोणाच्या मृत्यूची वाट पाहावी लागत नाही, आत्महत्येचा हेतूही सिद्ध करावा लागत नाही. अपप्रेरणेचा कायदा मृत्यूनंतर बोलतो. सावकारीचा कायदा त्याआधी बोलू शकतो. चिलगव्हाणच्या घटनेनंतर चार दशकांनी प्रशासनाचे व अभ्यासकांचे लक्ष या दुसऱ्या कायद्याच्या अंमलबजावणीकडे वळणे अगत्याचे आहे.