चोरिस, घेवडा आणि धर्माची परीक्षा

इतिहास म्हटला म्हणजे राजांच्या वंशावळी, लढायांच्या तारखा आणि तहांचीं कलमें हींच बहुधा आपल्या डोळ्यांपुढें उभीं राहतात. त्यांचें महत्त्व कोणी नाकारीत नाहीं. परंतु एखाद्या समाजानें कोणाकडून काय घेतलें, तो कशाला भ्याला आणि कोणती गोष्ट त्यानें नकळत आपलीशी केली, हें पाहावयाचें असेल, तर दप्तरखान्याइतकेंच स्वयंपाकघरही धुंडाळावें लागतें. प्रस्तुत लेखांत गोव्यांतील ख्रिस्ती घरांत शिजणाऱ्या एका साध्या पण भरभक्कम पदार्थाच्या निमित्तानें तसा थोडा शोध घेण्याचा विचार आहे. या पदार्थास ‘फेजुआद’ असें म्हणतात. पोर्तुगीज भाषेंत ‘फेजांव’ म्हणजे घेवड्याचा दाणा. त्यावरून हें नांव पडलें. घेवड्याचे सुके दाणे आणि ‘चोरिस’ या नांवानें ओळखलें जाणारें डुकराच्या मांसाचें सॉसेज हीं एकत्र शिजविलीं कीं फेजुआद तयार होते.

पदार्थाचा इतिहास पाहण्यापूर्वीं त्याची कृति समजून घेणें बरें. चोरिस घरोघर उन्हाळ्यांत होतें. मांसाचे व चरबीचे बारीक तुकडे मिठांत मुरवितात; त्यांना लाल मिरची, लसूण, आलें, हळद, मिरीं, जिरें, लवंग व दालचिनी यांचें वाटण लावितात; हें वाटण पाण्यांत न करितां माडाच्या सुरेपासून केलेल्या सिरक्यांत करितात. मग तें मिश्रण स्वच्छ केलेल्या आंतड्यांत भरून, थोड्याथोड्या अंतरावर दोऱ्यानें आवळून, मण्यांच्या माळेसारखें उन्हांत वाळवितात व पुढें चुलीवरच्या धुरांत टांगून ठेवितात. मीठ, आम्लता, ऊन आणि धूर या चौघांच्या पहाऱ्यामुळें मांस पावसाळाभर टिकतें. गोव्यांत पावसाळ्यापूर्वीच्या या बेगमीला ‘पुरुमेंत’ म्हणतात. आपल्याकडे कोंकणांत जी आगोट भरितात, तिचेंच हें भावंड होय. शब्द तेवढा पोर्तुगीजांचा.

फेजुआद करण्यासाठीं घेवड्याचे दाणे रात्रभर भिजत घालतात. दुसऱ्या दिवशीं तें पाणी टाकून, नव्या पाण्यांत दाणे खळखळून उकळूं देतात व मऊ होईपर्यंत शिजवितात. या दाण्यांत एक विषारी द्रव्य असतें. तें चांगली दहा मिनिटें उकळी फुटल्यावांचून नाश पावत नाहीं. म्हणून नुसत्या मंद आंचेवर, उकळी न आणतां, हे दाणे शिजवीत ठेवणें धोक्याचें असतें. दाणे शिजले म्हणजे दुसऱ्या भांड्यांत कांदा परतून त्यावर चोरिस सोडवून घालावयाचें. त्याची चरबी सुटते, मसाला फुलतो, निराळें तेल फारसें लागत नाहीं. मग दाणे त्यांच्या पाण्यासकट त्यांत मिळवून, रस दाट होईपर्यंत मंद विस्तवावर ठेवावयाचे. कोणी नारळाचें दूध घालतात, कोणी घालीत नाहींत. दाणे आधीं वेगळे शिजविण्याला कारण आहे. सिरक्याच्या आंबटपणांत कच्चा दाणा पडला कीं तो लवकर मऊ होत नाहीं, कितीही वेळ शिजविला तरी चरचरीत राहतो. ही गोष्ट स्वयंपाक करणाऱ्या बायांस रसायनशास्त्राच्या पुस्तकाआधीं ठाऊक होती.

आतां या हंडींतील जिनसांचीं मूळ गांवें पाहूं. घेवड्याचा दाणा, ज्याला आज आपण राजमा म्हणतों, तो मूळचा अमेरिकेचा. मेक्सिकोकडील प्रदेशांत आणि अँडीज पर्वतांत अशा दोन ठिकाणीं तेथील मूळ रहिवाशांनीं तो स्वतंत्रपणें लागवडीस आणिला होता. कोलंबस १४९२ त पश्चिमेकडे गेला, त्यापूर्वीं युरोपांत किंवा हिंदुस्थानांत हा दाणा कोणी पाहिलेला नव्हता. मिरचीची कथा तीच. काब्राल हा पोर्तुगीज दर्यावर्दी १५०० सालीं हिंदुस्थानाकडे येतांना वाटेंत ब्राझीलच्या किनाऱ्याला लागला आणि त्याच वर्षीं कालिकतला पोहोंचला; एकाच ताफ्याच्या प्रवासानें अमेरिका आणि मलबार हीं अशीं जोडलीं गेलीं. पुढें १५१० त आल्बुकेर्कनें गोवें घेतलें, आणि मिरची, काजू, अननस, बटाटा यांना या किनाऱ्यावर उतरावयास बंदर मिळालें. उलट मिरीं, आलें व हळद हीं इथलीं, लवंग मोलुक्का बेटांची, दालचिनी सिंहलद्वीपाची. पोर्तुगीज लोक मांस मुरविण्यास द्राक्षांची दारू वापरीत. कोंकणच्या दमट हवेंत द्राक्षें होत नाहींत, म्हणून माडाची सूर त्या जागीं आली. ‘दारू आणि लसूण’ या अर्थाच्या पोर्तुगीज शब्दांवरूनच ‘विंदालू’ हें नांव निघालें, आणि वसईकडील मराठी बोलणाऱ्या ख्रिस्ती घरांतलें ‘इंदयाल’ही त्याच कुळांतलें.

मग या पदार्थांत पोर्तुगीज असें उरलें काय? चोरिस बनविण्याची रीत, असें उत्तर कोणी देईल. परंतु आंतड्यांत मांस भरून भाजण्याची कल्पना कोणा एका देशाची नव्हे. होमरच्या ‘ओडिसी’ काव्यांत चरबीनें व रक्तानें भरलेलें जठर विस्तवावर भाजण्याचा दृष्टान्त आहे. तो ग्रीसचा झाला. आपल्या दक्षिणेंत कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर यानें इ. स. ११२९ च्या सुमारास ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ रचिला. महाराष्ट्रांतील स्त्रिया ओव्या गातात असा उल्लेख याच ग्रंथांत असल्यामुळें मराठीच्या अभ्यासकांस तो परिचित आहे. त्यांतील अन्नभोगाच्या प्रकरणांत डुकराचें मांस शिजविण्याच्या कृति दिल्या असून, आंतड्यांत मसाल्यासह सारण भरून भाजण्याचा प्रकारही वर्णिला आहे. म्हणजे पोर्तुगीजांच्या आगमनापूर्वीं जवळजवळ चारशें वर्षें, आज ज्याला आपण साहेबी खाणें म्हणतों तें दक्षिणेंतील एका हिंदु राजाच्या ताटांत होतें!

युरोपांतही ‘आपलें’ व ‘परकें’ यांचा असाच गोंधळ दिसतो. दक्षिण फ्रान्समध्यें ‘कासुले’ नांवाचा सॉसेज व घेवडा यांचा प्रसिद्ध पदार्थ आहे. ‘कासोल’ या मातीच्या भांड्यावरून त्याला तें नांव मिळालें. कास्तेलनोदारी या गांवाला १३५५ त इंग्रजांनीं वेढा दिला असतां गांवकऱ्यांनीं होतें नव्हतें तें एका भांड्यांत शिजविलें व हा पदार्थ जन्मास आला, अशी तेथील अभिमानाची कथा आहे. परंतु १३५५ त फ्रान्समध्यें अमेरिकेचा घेवडा कोठून येणार? कथा खरी धरली तरी त्या भांड्यांत बाकला या जुन्या शेंगेचे दाणे असले पाहिजेत. ज्याला राष्ट्राचा प्राचीन वारसा म्हणून मिरवावें, त्यांतील मुख्य जिन्नसच नवागत निघावा, असा हा प्रकार.

येथपर्यंतची कथा मौजेची आहे. यापुढची तशी नाहीं. पोर्तुगालच्या राजानें १४९७ त आपल्या राज्यांतील यहुद्यांस सक्तीनें ख्रिस्ती करविलें. बाटलेला माणूस मनानें खरोखर ख्रिस्ती झाला कीं नाहीं, हें ओळखावें कसें? मनांत शिरतां येत नाहीं, म्हणून सत्ताधारी चुलीशीं शिरले. स्पेन व पोर्तुगाल येथील धर्मन्यायसभेच्या दप्तरांत, अमुक इसम डुकराचें मांस खात नाहीं, अमक्या घरीं चरबीऐवजीं तेलांत तळण होतें, अमकी बाई शनिवारचें अन्न शुक्रवारींच शिजवून ठेविते, असले आरोप नोंदलेले आहेत. नोकरानें किंवा शेजारणीनें साक्ष द्यावी आणि घर उध्वस्त व्हावें! दारांत टांगलेली सॉसेजची माळ ही अशा काळीं खाद्य नसून निष्ठेचा दाखला झाली. पोर्तुगालमध्यें ‘आल्येइर’ नांवाचें एक सॉसेज आहे. त्यांत पाव व कोंबडीचें मांस असतें. लोकांच्या डोळ्यांत धूळ टाकण्यासाठीं बाटलेल्या यहुद्यांनीं तें काढलें, अशी तिकडे दंतकथा आहे. दंतकथा खरी असो वा नसो, जी भीति तिच्या मुळाशीं आहे ती खरी होती.

ही सभा १५६० त गोव्यांत आली आणि मधलीं थोडीं वर्षें वगळतां १८१२ पर्यंत टिकली. तिच्या इतिहासांत गार्सिया द ओर्त या वैद्याचें नांव विसरतां येत नाहीं. तो १५३४ त गोव्यास आला. हिंदुस्थानांतील औषधी, मसाले व फळें यांविषयींचा त्याचा संवादरूप ग्रंथ १५६३ त गोव्यांतच छापला गेला. या देशांत छापल्या गेलेल्या आरंभींच्या पुस्तकांपैकीं तो एक होय. त्याचें कुळ बाटलेल्या यहुद्यांचें. तो १५६८ त वारला. दुसऱ्याच वर्षीं त्याच्या बहिणीस जिवंत जाळण्यांत आलें. आणि १५८० त ओर्तचीं हाडें थडग्यांतून उकरून तींही जाळलीं. ज्यानें आपल्या मातींतील आलें, हळद, मिरीं यांचें वर्णन आपल्या ग्रंथांत करून ठेविलें, त्याची ही अखेर!

इकडे गोव्यांतील नवख्रिस्ती प्रजेवरही चुलीची नजर होतीच. धर्मन्यायसभेच्या १७३६ च्या जाहीरनाम्यांत, ख्रिस्त्यांनीं दारीं तुळस लावूं नये, आणि हिंदूंप्रमाणें भात अळणी शिजवून मागाहून मीठ घेऊं नये, अशीं कलमें आहेत. भातांत मीठ आधीं पडलें कीं नंतर, यावर माणसाची श्रद्धा ठरावी, याहून हास्यास्पद गोष्ट कोणती? परंतु ज्यांच्या डोक्यावर ती टांगलेली होती त्यांस हसूं आलें नसेल.

वाचक म्हणतील, तीं परक्यांचीं कृत्यें. मग आपल्या पुण्याकडे पाहूं. १८९० त पुण्याच्या पंचहौद मिशनमध्यें एका सभेनंतर पाहुण्यांपुढें चहा-बिस्किटें ठेवण्यांत आलीं. आनंदीबाई जोशी यांचे पती गोपाळराव यांच्या खटपटीनें हजर असलेल्यांचीं नांवें ‘पुणें वैभव’ पत्रांत प्रसिद्ध झालीं आणि गांवांत वादळ उठलें. त्या यादींत न्यायमूर्ति रानडे होते, लोकमान्य टिळकही होते. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेलें. आपण काशीस प्रायश्चित्त घेतल्याचें टिळकांनीं दाखविलें. रानड्यांनीं १८९२ त प्रायश्चित्त घेतलें आणि त्यासाठीं स्वपक्षाचे बोल सोसले. येथें कोणास जाळलें नाहीं, तुरुंगांत टाकलें नाहीं. हा भेद लहान नव्हे आणि तो झांकूं नये. तथापि पेल्यांत काय आहे व तो कोणी दिला यावरून माणसाचा धर्म मोजण्याची पद्धत मात्र तीच होती.

आणि मौज अशी कीं, ज्या घरांत अन्नाच्या शुद्धतेचा सर्वांत कडक विचार होतो, तेथें उपवासाच्या दिवशीं काय असतें? साबुदाण्याची खिचडी, बटाट्याचा कीस, शेंगदाण्याची आमटी, हिरवी मिरची. यांतील साबुदाणा ज्या कंदापासून करितात तो कंद, बटाटा, भुईमूग आणि मिरची हीं चारही अमेरिकेचीं. शिवछत्रपतींच्या पूर्वीं शतक दीड शतक मागें गेलें तर एकादशीच्या ताटांत यांपैकीं एकही जिन्नस सांपडणार नाहीं. साताऱ्याकडे कोरेगांव तालुक्यांत पिकणारा पट्टेदार वाघ्या घेवडा आज त्या भागाचें वैशिष्ट्य म्हणून भौगोलिक मानांकन मिळवून बसला आहे. तोही त्याच फेजांवाचा सख्खा भाऊ. यांत लाजण्यासारखें कांहीं नाहीं. उपवासाचें पुण्य करणाऱ्याच्या भावनेंत आहे, कंदाच्या जन्मभूमींत नाहीं. परंतु मग शेजाऱ्याच्या हंडीलाही तोच न्याय लावला पाहिजे.

हा प्रश्न गतकाळाचा राहिलेला नाहीं, म्हणूनच येथें तो मांडावासा वाटला. मुळशी तालुक्यांतील जांबे हें हिंजवडीजवळचें गांव घ्या. या पट्ट्यांत भाताची कापणी झाली कीं त्याच ओलींत वाल, हरभरा, मसूर पेरावयाचे आणि डाळिंब्यांच्या उसळीवर हिंवाळा काढावयाचा, ही जुनी चाल. हिंजवडीस संगणक-उद्योग आल्यापासून या परिसरांत दूरदूरच्या प्रांतांचीं कुटुंबें एका जिन्यावर राहूं लागलीं आहेत. एका घरीं वालाची उसळ, दुसऱ्या घरीं पंजाबी राजमा, तिसऱ्या घरीं गोव्याची फेजुआद, असें एका संध्याकाळीं सहज घडूं शकतें. अशा वेळीं वासावरून शेजाऱ्याची पारख करण्याची, घर भाड्यानें देण्यापूर्वीं ‘तुमच्याकडे काय शिजतें?’ असें विचारण्याची जी चाल आपल्या शहरांतून दिसते, ती पाहिली म्हणजे धर्मन्यायसभेचीं दप्तरें आठवल्यावांचून राहत नाहींत.

मांसाहार न करणारा मनुष्य आपलें व्रत पाळतो, तें सर्वथा आदरणीय होय. जीवदयेचा विचार या भूमींत फार जुना आहे आणि त्याचा उपहास करण्याचा येथें हेतु नाहीं. परंतु आपण काय खावें हा विवेकाचा प्रश्न असून, दुसऱ्यानें काय खाल्लें यावरून त्याची लायकी ठरविणें ही सत्तेची हांव आहे. या दोहोंत अंतर आहे, आणि इतिहासांत ज्यांनीं तें विसरलें त्यांनीं हाडें उकरण्यापर्यंत मजल गांठली.

ज्या चोरिसाला राज्यकर्त्यांनीं आपल्या धर्माची खूण मानिली, त्यांत गोव्याच्या बायांनीं माडाची सूर, हळद आणि मिरीं घालून तें इतकें इथलें करून टाकिलें कीं, लिस्बनच्या माणसाला तें आपलें म्हणून ओळखूं येऊं नये. जाहीरनामा काढणारी सभा १८१२ त बंद पडली. तांदूळ मात्र अजून शिजतो आहे, मीठ ज्याचा तो आपल्या आवडीप्रमाणें घालतो आहे, आणि पावसाळा लागला कीं धुरांत टांगलेली माळ उतरवून गोव्यांतली एखादी गृहिणी रात्रीं घेवडा भिजत घालीत आहे.