हॅब्सबर्ग जबडा : एका राजघराण्याचे न जुळणारे दात

१५२५ साली व्हेनिसचा वकील गास्पारो कोंतारिनी याने सम्राट पाचव्या चार्ल्सच्या दरबाराचा वृत्तान्त आपल्या प्रजासत्ताकाला सादर केला. त्यात सम्राटाच्या तोंडाचीही नोंद होती. बांधा चांगला; व्यंग एकच, खालचा जबडा. तो इतका पुढे आलेला, की तोंड मिटले तरी खालचे दात वरच्यांना भिडत नसत आणि बोलताना शेवटचे शब्द अस्पष्ट होत. #थ्रेड

सर्वसाधारण ठेवणीत वरचे पटाशीचे दात खालच्यांना किंचित झाकतात आणि कात्रीच्या पात्यांसारखे त्यांवरून सरकतात. खालचा जबडा पुढे गेला की हा क्रम उलटतो. घास तोडता येत नाही, दाढाही नीट बसत नाहीत, ओठ मिटायला प्रयास पडतो. मग दात आपल्या परीने ही दरी बुजवू पाहतात : वरचे पुढे कलतात, खालचे आत झुकतात. एडवर्ड अँगल या अमेरिकन दंततज्ज्ञाने १८९९ मध्ये दातांच्या ठेवणीचे वर्गीकरण केले, त्यातला हा तिसरा वर्ग.

चार्ल्सने पुढे दाढी राखली. टिशियनने रंगविलेल्या चित्रांत तिने हनुवटी बरीच सावरून घेतली आहे; पूर्ण लपविणे मात्र त्या थोर चित्रकारालाही साधले नाही.

हा जबडा जवळच्या नात्यांतील लग्नांमुळेच उपजला, असे सरसकट म्हटले जाते. ते अर्धेच खरे. चार्ल्सचे आजोबा पहिले मॅक्सिमिलियन यांच्या चित्रांतही तो स्पष्ट दिसतो, आणि घराण्यातल्या घराण्यात लग्नांची खरी साखळी त्यांच्यानंतरची. व्यंग आधीच होते. साखळीने ते दाट केले. २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात दहा शल्यविशारदांनी घराण्यातील १५ व्यक्तींची ६६ चित्रे तपासली. खालचा जबडा पुढे आलेला होताच, पण कित्येकांचा वरचा जबडाही खुंटलेला होता. नाते जितके जवळचे, तितका खालचा जबडा अधिक पुढे, असाही कल आढळला. सर्वांत ठळक उदाहरण चौथ्या फिलिपचे.

या फिलिपने १६४९ मध्ये सख्ख्या भाचीशी, मारियानाशी, लग्न केले. ती आधी त्याच्या मुलाची वाग्दत्त वधू होती. मुलगा १६४६ मध्ये वारला. मामा-भाचीचे लग्न दख्खनच्या वाचकाला अपरिचित नाही. येथे प्रश्न एका लग्नाचा नव्हता. १५१६ ते १७०० या काळात स्पेनच्या शाखेतील ११ राजविवाहांपैकी ९ रक्ताच्या नात्यातले होते. राज्य घराबाहेर जाऊ नये, एवढाच त्यामागचा हिशेब.

(१५८० ते १६४० पोर्तुगालचा मुकुटही याच घराण्याकडे होता. म्हणजे १६३० साली शिवनेरीवर शिवरायांचा जन्म झाला, तेव्हा गोवा, वसई, चौल यांचा धनी हाच चौथा फिलिप.)

फिलिप-मारियानाचा मुलगा दुसरा चार्ल्स, जन्म १६६१. पिढ्यान्‌पिढ्यांचे नाते एवढे साचलेले, की त्याचा अंतःप्रजनन गुणांक ०.२५४ भरतो, सख्ख्या बहीणभावांच्या अपत्याचा ०.२५ असतो. इंग्रज वकील अलेक्झांडर स्टॅनहोपने त्याचे जेवण वर्णिले आहे : दातांच्या दोन्ही ओळी भिडतच नसल्याने राजा न चावता घास गिळी आणि पोट ते पचवू शकत नसे. कोंतारिनीची नोंद आणि ही नोंद यांत पावणेदोन शतकांचे अंतर आहे. तोंड तेच.

त्याचे आजार अनेक होते. सगळ्यांचे खापर जबड्यावर फोडणे योग्य नव्हे. दोन लग्ने होऊनही मूल झाले नाही. १ नोव्हेंबर १७०० रोजी, वयाच्या ३९ व्या वाढदिवसाला पाच दिवस असताना, तो वारला. मृत्युपत्राने गादी फ्रान्सच्या बूर्बाँ घराण्यातील फिलिपकडे गेली आणि १७०१ ते १७१४ युरोप वारसायुद्धात होरपळला. नव्या राजाची आजी मात्र चौथ्या फिलिपचीच मुलगी होती.