साडेपाच दिवसांची सहल

येलोस्टोनचे नाव आपल्यापैकी बहुतेकांनी शाळेच्या भूगोलात वाचलेले आहे. अमेरिकेतल्या वायोमिंग राज्याच्या वायव्य कोपऱ्यातले, थोडेसे मोन्टाना व आयडाहो या शेजारच्या राज्यांत शिरलेले, सुमारे नऊ हजार चौरस किलोमीटरांचे हे रान. जमिनीतून उकळते पाणी उसळते आहे, चिखल रटरटतो आहे, गंधकाचा वास दरवळतो आहे, आणि 'ओल्ड फेथफुल', म्हणजे 'जुना इमानी', या नावाचा फवारा तासा-दीड तासाने शंभर-दीडशे फूट उंच उडतो आहे, असा तो प्रदेश. १ मार्च १८७२ रोजी राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनी कायद्यावर सही केली आणि जगातले पहिले राष्ट्रीय उद्यान म्हणून त्याची नोंद झाली. इतके सर्वांना ठाऊक असते. आम्हांला आज बोलायचे आहे ते त्या रानात पुढे तीस-पस्तीस वर्षे चाललेल्या एका ठराविक सहलीविषयी, आणि ती ज्यांच्या अंगमेहनतीवर चालली त्यांच्याविषयी. आमचे आयुष्य कामगारांच्या संघटनेत गेले. कोणतीही सोय दिसली की ती कोण करतो आणि त्याच्या हातावर काय पडते, हे विचारायची खोड आम्हांला जडली आहे. ती येथेही सुटणार नाही.

कायद्याचे शब्द मोठे उदार होते. हे रान लोकांच्या हितासाठी व आनंदासाठी राखून ठेवले आहे, असे त्यात म्हटले होते. पण लोकांना तेथे न्यायचे कसे? कायदा व्हायच्या आधीच, १८७१ च्या शरद ऋतूत, जे कुक या सावकाराच्या माणसाने सरकारी भूगर्भशास्त्रज्ञ हेडन यांना पत्र घालून, फवाऱ्यांचा हा प्रदेश सार्वजनिक उद्यान म्हणून राखण्याची शिफारस अहवालात करावी, असे सुचवले होते. कुकचा पैसा नॉर्दर्न पॅसिफिक रेल्वेत गुंतलेला होता, आणि रेल्वेला उतारू हवे होते. कुकची पेढी १८७३ मध्ये बुडाली, रेल्वेचे काम रखडले, आणि गाडी उद्यानाच्या उंबरठ्यावर, सिनाबार या ठाण्यापर्यंत पोचायला १८८३ साल उजाडले. म्हणजे 'लोकांचे' उद्यान पहिली दहा-अकरा वर्षे जवळजवळ लोकांवाचूनच होते, असे कोणी म्हणेल.

ते मात्र खरे नाही. माणसे तेथे हजारो वर्षे होती. उद्यानात काळ्या काचेसारख्या दगडाचा एक कडा आहे; त्या दगडाची हत्यारे अकरा हजार वर्षांपूर्वीपासून घडवली जात होती आणि शेकडो कोस दूरवर जात होती. डोंगरातल्या शोशोनी लोकांची एक शाखा, तुकुदिका, तेथे राहून रानमेंढ्यांची शिकार करी आणि त्यांच्या शिंगांची धनुष्ये करी. क्रो, बॅनॉक, ब्लॅकफीट या जमातींचेही तेथे येणेजाणे होते. १८७७ च्या ऑगस्टमध्ये स्वतःच्या भूमीतून हुसकलेले नेझ पर्स लोक, बायकापोरांसह, पाठीवर सैन्य घेऊन, या नव्या उद्यानातून गेले. वाटेत त्यांची गाठ सहलीला आलेल्या गोऱ्या मंडळींशी पडली आणि त्या धामधुमीत दोन प्रवासी मारले गेले. या बातमीने उद्यानाचे अधिकारी हादरले. अधीक्षक नॉरिस स्वतः आसपासच्या जमातींकडे गेले व त्यांनी उद्यानात पाऊल टाकू नये असे वचन घेऊन आले. तुकुदिका लोक विंड रिव्हर व फोर्ट हॉल येथील राखीव वसाहतींत गेले. आणि वर एक गोष्ट पसरवण्यात आली, की हे आदिवासी फवाऱ्यांना भितात, म्हणून तेथे कधी फिरकतच नसत! पाहुण्यांना रान निर्धास्त वाटायला हवे होते.

आता जागा मोकळी झाली, गाडी आली, आणि धंदा सुरू झाला. रुफस हॅच नावाच्या न्यूयॉर्कच्या दलालाने एक कंपनी काढून मॅमथच्या गरम झऱ्यांपाशी 'नॅशनल हॉटेल' बांधायला घेतले. १८८३ च्या उन्हाळ्यात विजेच्या दिव्यांनी ते झळकले. अमेरिकेतले व युरोपातले बडे पाहुणे हॅचने स्वतः आणले. इमारत पुरी व्हायच्या आतच कंपनीचे दिवाळे निघाले. ज्या सुतारांनी ते हॉटेल उभे केले त्यांची मजुरी थकली होती. त्यांनी हॉटेल ताब्यात घेतले आणि पैसे मिळाल्याशिवाय जागा सोडायचे नाकारले. १८८४ सालची ही गोष्ट. उद्यानाच्या चोपड्यांत हिला पर्यटनाच्या इतिहासातली एक गमतीची घटना म्हणून जागा मिळते. आमच्या मते त्या रानातला तो पहिला संप, आणि ज्यांनी थकलेल्या मजुरीसाठी एखाद्या फाटकाशी रात्र काढली आहे त्यांना त्यात गमतीचे काही दिसणार नाही.

पुढे रेल्वेच्या पाठबळाने नव्या कंपन्या आल्या आणि सहलीला घडी बसली. साडेपाच दिवस, सुमारे दोनशे तीस किलोमीटरांचा वळसा, तिकीट आगाऊ, जेवण व बिछाना त्यातच. पहिल्या दिवशी आगगाडीतून उतरलेली मंडळी सहा घोड्यांच्या मोठ्या गाडीतून मॅमथला येत. दुसऱ्या दिवशी चार घोड्यांच्या, अकरा माणसे बसतील अशा गाड्या एकामागून एक निघत. नॉरिसला दुपारचे जेवण, मुक्काम खालच्या फवाऱ्यांपाशी. तिसरा दिवस जुन्या इमान्याचा. चौथ्या दिवशी डोंगर ओलांडून सरोवर, पाचव्या दिवशी पिवळ्या कड्यांची ती प्रसिद्ध घळ आणि धबधबे, सहाव्या दिवशी दुपारपर्यंत परत. धूळ इतकी की प्रवाशांना अंगावर तागाचे लांब झगे चढवावे लागत, आणि पुढच्या गाडीची धूळ खाली बसावी म्हणून मागची गाडी अंतर राखून चाले. घोडे थकले म्हणजे कधी कधी चढावर मंडळींना खाली उतरून चालावे लागे. पैसे भरून पायी चालायला लावतात, अशी कुरकुर होई. अशा रस्त्याने एकटा चोरही मोठा हात मारू शके. २४ ऑगस्ट १९०८ रोजी एका माणसाने बंदुकीच्या धाकाने एका दिवसात सतरा गाड्या लुटल्या! गाड्यांत अंतर असल्यामुळे मागच्याला पुढे काय चालले आहे त्याचा पत्ताच लागत नसे.

या सहलीचा मार्गदर्शक म्हणजे गाडीवान. चार घोड्यांचे लगाम बोटांत, पाय ब्रेकवर, एका बाजूला दरी, आणि तोंडाने अखंड माहिती. ताडोब्याला मोहर्लीच्या फाटकातून जिप्सीने आत गेलेल्या श्रोत्यांना हे चित्र ओळखीचे वाटेल. तेथे निदान चालक निराळा आणि गाईड निराळा असतो. येलोस्टोनचा गाडीवान दोन्ही कामे एका पगारात करी, आणि पगाराची तूट बक्षिसीने भरून काढायची असल्यामुळे गोष्टी रंगवून सांगे. १८८५ च्या सुमारास एका चिनी परटाने उकळत्या झऱ्यावर तंबू ठोकून कपडे धुवायला काढले, साबण पडताच झरा उसळला आणि तंबूसकट कपडे आकाशात गेले, ही त्याची आवडती कथा. साबणाने फवारा उसळतो हे खरेच आहे; पुढे त्यावर बंदी घालावी लागली. तो परीट खरा की कथा खरी, हे गाडीवानाला ठाऊक. पण नकाशावर 'चिनी झरा' अजून आहे. परटाचे नाव नाही.

आपल्या मुंबईत जन्मलेला रड्यार्ड किपलिंग १८८९ च्या जुलैत येथे आला होता. अलाहाबादच्या 'पायोनियर' पत्रासाठी तो प्रवासपत्रे लिहीत होता. कंपनीने घाऊक आणलेल्या प्रवाशांचे तांडे पाहून त्याने नाक मुरडले आहे. साम्राज्याचा हा भाट आम्हांला प्रिय नाही. तथापि पहाऱ्यावरच्या घोडेस्वार शिपायांशी त्याने गप्पा केल्या आणि त्या लिहून ठेवल्या, एवढे श्रेय त्याला दिलेच पाहिजे. शिपाई तेथे होते कारण १८८६ पासून १९१८ पर्यंत उद्यानाचा कारभार सैन्याकडे होता.

पण जे आम्हांला सांगायचे आहे ते पुढेच आहे. या सहलीच्या भोवती एक बोलीभाषा तयार झाली. हॉटेलात उतरणाऱ्या पैसेवाल्या पाहुण्याला 'ड्यूड' म्हणत. स्वतःची गाडी-तंबू घेऊन आलेल्याला 'सेजब्रशर', म्हणजे झुडपात राहणारा. बिछाने घालणारी मुलगी 'उशा बडवणारी', ताटे आणणारी 'फेकणारी', कपडे धुणारी 'बुडबुड्यांची राणी', भांडी घासणारा 'मोती काढणारा पाणबुड्या'. हे विनोद कामगारांचेच. खाणावळीच्या मागच्या दाराशी अशी नावे कुठेही पडतात. पण या सर्वांना मिळून एक नाव होते. आधी ते गाडीवानांना लागले, मग साऱ्या नोकरवर्गाला. ते नाव होते 'सॅव्हेज'. रानटी.

हा शब्द त्या देशात कोणासाठी वापरला जात होता हे सांगायला नको. ज्यांना पाहुण्यांच्या सोयीसाठी रानाबाहेर घालवले त्यांच्यासाठी. रानटी गेले म्हणून सहल निर्धास्त झाली, आणि सहल चालवायला जे आत आले त्यांना रानटी म्हटले गेले. कोणी कपटाने हे घडवले असे आम्ही म्हणत नाही. थट्टेत पडलेले नाव आहे. पण पाहुणा आणि रान यांच्या मध्ये जो उभा असतो तो पाहुण्याला माणूस म्हणून दिसत नाही, ही गोष्ट त्या थट्टेने सरकारी अहवालांपेक्षा स्पष्ट सांगून टाकली आहे. नॉरिसला तंबूत जेवण वाढणारा आयरिश लॅरी मॅथ्यूज याच्यासारखा एखादाच आपल्या वाचाळपणामुळे प्रवासवर्णनांत नावानिशी राहिला. जुन्या इमान्याजवळचे ते भव्य लाकडी अतिथिगृह घ्या. १९०३-०४ च्या कडक हिवाळ्यात, आसपासचेच ओंडके व दगड घेऊन, मजुरांनी ते उभे केले. रॉबर्ट रीमर या स्थापत्यकाराचे नाव प्रत्येक माहितीपत्रकात आहे, आणि ते असलेच पाहिजे. बर्फात ओंडके ओढणाऱ्यांची नावे पत्रकात नाहीत.

आता सहलीला कोण जाऊ शके ते पाहू. हॉटेलांच्या सहलीला पन्नास डॉलरच्या आसपास पडत, रेल्वेभाडे वेगळे. त्या काळी साध्या मजुराची रोजी दीड डॉलरच्या घरात होती. म्हणजे महिनाभराची कमाई साडेपाच दिवसांत, आणि त्या दिवसांचा खाडा निराळा. येथे वायली या शाळामास्तराचे नाव आदराने घेतले पाहिजे. बोझमन गावच्या शाळांचा हा अधीक्षक. १८८० नंतर त्याने तंबूतल्या सहली काढल्या, पुढे पट्ट्यापट्ट्यांच्या कापडाचे, लाकडी जमिनीचे, शेगडी असलेले कायमचे तळ उभारले, आणि दर पस्तीस डॉलरच्या आसपास ठेवला. त्याच्याकडे नोकरीला सुट्टीतले शिक्षक व विद्यार्थी असत, आणि पाहुण्यांतही शिक्षक, कारकून यांसारखी बेताच्या मिळकतीची माणसे असत. रात्री शेकोटीभोवती गाणी होत. वाढणारा आणि जेवणारा एकाच कोंडाळ्यात बसत. हॉटेलवाल्या कंपनीला व रेल्वेला हा मनुष्य डोळ्यांत सलत होता. परवाना दरसाल नव्याने मागायचा, मिळेल की नाही याची खात्री नाही, अशा टांगणीवर त्याने कित्येक वर्षे काढली आणि १९०५ मध्ये धंदा विकून टाकला.

वायलीने दर खाली आणला, पण दिवस कोठून आणणार? गिरणीतल्या व खाणीतल्या माणसाला सात दिवस मोकळे मिळतच नव्हते. १९०३ मध्ये गार्डिनरच्या दगडी कमानीची कोनशिला राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी बसवली आणि 'लोकांच्या हितासाठी व आनंदासाठी' हे शब्द तिच्यावर कोरले गेले, तेव्हाही मिळत नव्हते. भरपगारी रजा ही मागणी १९३६ च्या जूनमध्ये फ्रान्सच्या कामगारांनी कारखाने व्यापून दोन आठवड्यांसाठी मिळवली. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेने तिचा करार केला. आपल्याकडे १९४८ च्या कारखाने कायद्याने वीस दिवसांच्या कामामागे एक दिवस रजा दिली. आणि ज्या देशाने जगाला पहिले राष्ट्रीय उद्यान दिले, त्या देशात सर्व कामगारांना भरपगारी रजा देणारा राष्ट्रीय कायदा आजही नाही. कमानीवरचे 'लोक' कोण, याचा हिशेब रजेच्या पुस्तकात लागतो, ही आमची समजूत आहे.

१ ऑगस्ट १९१५ रोजी मोटारींना उद्यानाचे दार उघडले. १९१६ चा एक हंगाम घोडे आणि मोटारी एकाच रस्त्यावर वेळा वाटून चालले. मोटारी पाहून घोडे बुजत. १९१७ मध्ये सहलीच्या घोडागाड्या बंद झाल्या. शेकडो घोडे, तबेलेवाले, नालबंद आणि चार घोडे एका मुठीत खेळवणारे ते गाडीवान, सारे एका हिवाळ्यात निकालात निघाले. नव्या पिवळ्या बसगाड्यांवर कंपनीने कॉलेजातले तरुण घेतले. ते जूनमध्ये येत आणि सप्टेंबरात आपोआप परत जात. हंगामी माणूस मालकाला का आवडतो हे या सभागृहात अनेकांना अनुभवाने ठाऊक असेल.

गाडीवानाच्या तोंडी असलेली माहितीही बदलली. १९१९ मध्ये ब्रुकलिनच्या एका दैनिकाने काढलेल्या सहलीबरोबर इझाबेल वॉसन ही भूगर्भशास्त्र शिकलेली तरुणी आली होती. मुक्कामावर तिने सहप्रवाशांना खडकांविषयी व्याख्याने दिली, ती ऐकून अधीक्षक ऑलब्राइट यांनी तिला पुढच्या उन्हाळ्यात नोकरीवर बोलावले. १९२० मध्ये ती पगारी रेंजर म्हणून तेथे रोज व्याख्याने देत होती. परटाच्या तंबूपेक्षा तिची माहिती अधिक खरी होती यात शंका नाही.

२०२२ साली उद्यानाला दीडशे वर्षे झाली. त्या वर्षी तेथल्या एका शिखराचे नाव बदलले. ते पूर्वी डोन या लष्करी अधिकाऱ्याच्या नावाने होते. १८७० मध्ये मरायस नदीकाठी ब्लॅकफीट लोकांच्या वस्तीची जी कत्तल झाली, तिच्यात तो पुढे होता. आता त्याला 'पहिल्या लोकांचा डोंगर' म्हणतात. बसवरच्या तरुणांना 'गिअर ठोकणारे' हे नवे नाव पडले होते. पण तेही, खानसामेही, उशा बडवणाऱ्या मुलीही, पुढची कित्येक दशके 'सॅव्हेज' याच नावाने ओळखली गेली, आणि म्हातारपणी जुन्या सोबत्यांना भेटताना हे नाव ती मोठ्या अभिमानाने सांगत.