विडंबनाचे कूळ



विडंबन हा शब्द उच्चारला की पुष्कळांच्या कपाळाला आठी पडते. परदेशी व्यंगचित्रमालिकांतले तुकडे घ्यावयाचे आणि पात्रांच्या तोंडी गावरान मराठी घालावयाची, हा उद्योग आपली तरुण मुले हौसेने करीत असतात. जपानी शिनचॅन खेडवळ बोलीत आईशी हुज्जत घालतो आणि घरात हशा पिकतो. ह्याला चोरी म्हणावे, चावटपणा म्हणावे, की कला? निकाल देण्यापूर्वी थोडा इतिहास पाहू.

प्रथम ह्या मालिकांचेच कूळ पाहा. अमेरिकेत दूरचित्रवाणीवर रात्रीच्या मोक्याच्या वेळी दाखविलेली पहिली कौटुंबिक व्यंगचित्रमालिका म्हणजे 1960 सालची 'द फ्लिंटस्टोन्स'. तिचा साचा 1955 साली सुरू झालेल्या 'द हनीमूनर्स' ह्या नटनटींच्या मालिकेवरून घेतलेला होता. तीच दोन शेजारी जोडपी उचलून अश्मयुगात नेऊन बसविली, इतकेच! तेव्हा ज्या घराण्याची नक्कल होते म्हणून आपण हळहळतो, त्याचा मूळपुरुषही नकलेतूनच जन्मला.

आपल्याकडे ही रीत फार जुनी आहे. एकनाथांनी वासुदेव, जोशी, गोंधळी यांची सोंगे घेतली आणि भारुडांत त्यांच्या मुखाने परमार्थ बोलविला. तमाशातली गौळण घ्या. मथुरेच्या बाजारी निघालेल्या गवळणी आणि वाट अडविणारा कृष्ण ही मंडळी पुराणकथेतली. पण त्यांच्याबरोबरची मावशी बोलते ती आपल्या गल्लीतल्या बाईसारखी. कृष्ण आपल्या वेशीत आला, ह्याचे ते हसू असते. आपल्याच जिल्ह्यातल्या संगमनेरचे शाहीर अनंत फंदी (1744–1819) तमाशाच्या फडावर गाजले. पुढे अहिल्याबाई होळकरांच्या उपदेशाने त्यांनी तमाशा सोडून कीर्तन धरले, अशी आख्यायिका आहे. म्हणजे चावटपणाविषयीची तक्रारही आजची नव्हे.

1925 साली आचार्य अत्रे यांनी 'केशवकुमार' ह्या नावाने 'झेंडूची फुले' प्रसिद्ध केली. रविकिरण मंडळातील कवींच्या लकबींची त्यांनी मनसोक्त थट्टा केली. पण अत्रे स्वतः कवी होते, गडकऱ्यांना गुरू मानणारे होते. कवितेचे वेड असल्यावाचून तिची खोडी इतकी अचूक काढता येत नाही.

कायद्यानेही हा भेद ओळखला आहे. 1957 च्या कॉपीराइट कायद्याचे 52 वे कलम टीका व समीक्षेसाठी वाजवी वापराला मुभा देते. तोप्पिल भासी यांच्या 1952 सालच्या गाजलेल्या मल्याळी नाटकाला सिविक चंद्रन यांनी प्रतिनाटक लिहिले, तेव्हा प्रकरण कोर्टात गेले. केरळ उच्च न्यायालयाने 1996 साली असे मानले की, मुळातील भाग घेतला तो त्यावर टीका करण्यासाठी. त्याची नक्कल खपविण्यासाठी नव्हे.

तेव्हा घरातल्या मुलाला रागे भरण्याआधी त्याला दोनच प्रश्न विचारावेत. बाबा रे, मूळ तू मन लावून पाहिलेस का? आणि त्यात तू आपल्या घरचे काय घातलेस? नुसत्या शिव्या घातल्या असतील, तर ती उसनवारी झाली. पण त्यात आपली बोली, आपला पाणवठा, आपले सासू-सुनेचे भांडण दिसले, तर त्याला खुशाल दाद द्यावी. तो गौळणीतल्या मावशीचाच नातू आहे.