धरण रद्द झालेलं गाव

'हिगुराशी नो नाकु कोरो नी' हा गेम मी भयकथा म्हणून सुरू केला होता. शनिवारी रात्री लॅपटॉप उघडला आणि पहाटे तीनला धरणांबद्दल वाचत बसलो होतो!

गेम म्हणजे खरं तर व्हिज्युअल नॉव्हेल. चित्रं, आवाज, आणि वाचायला ढीगभर मजकूर. र्‍युकिशी07 या टोपणनावाच्या लेखकाने 2002 च्या ऑगस्टमध्ये तोक्योच्या कॉमिक मार्केटमध्ये पहिला भाग विकला. कथा जून 1983 ची. केइइची शहरातून हिनामिझावा नावाच्या खेड्यात राहायला येतो. गाव गोड, माणसं गोड. मग कळतं की इथे धरण होणार होतं, गाव बुडणार होतं, आणि गावकऱ्यांनी लढून ते रद्द करायला लावलं. त्या लढ्यातला राग मात्र अजून जिरलेला नाही. (पुढचं सांगत नाही.)

हिनामिझावा काल्पनिक आहे, पण ते बेतलंय गिफू प्रांतातल्या शिराकावा-गोवर. उतरत्या गवती छपरांची ती घरं 1995 साली जागतिक वारसा यादीत गेली. त्याच शो नदीवर, थोडं वरच्या अंगाला, मिबोरो धरण आहे. ते मात्र रद्द झालं नाही.

तिथल्या लोकांनी 1953 साली 'मरेपर्यंत राखू' अशा अर्थाच्या नावाची संघटना काढली. सहा वर्षांहून जास्त झगडून 1959 साली ती विसर्जित केली. 1961 साली 131 मीटर उंचीचं धरण पूर्ण झालं. दोनशेहून जास्त घरं उठली.

धरण बांधणाऱ्या कंपनीचे पहिले अध्यक्ष ताकासाकी तात्सुनोसुके यांना बुडणाऱ्या गावातल्या देवळापाशी एक जुनं चेरीचं झाड दिसलं. ते वाचवायचं त्यांनी ठरवलं. शेजारच्या देवळातलं आणखी एक सापडलं. चारशे वर्षांची ती दोन झाडं 1960 साली मुळांसकट उपटून जलाशयाच्या काठावर लावली. जगणार नाहीत असं जाणकार म्हणत होते. जगली! अजूनही फुलतात.

विस्थापित माणसं फुलांच्या दिवसांत त्या झाडांखाली जमत. गावी परत जायचं म्हणजे त्यांच्यासाठी एवढंच उरलं होतं... दोन झाडं, आणि समोर पाणी.

झाडं वाचवली हे चांगलंच झालं. पण ती पुनर्वसनाची पावती नव्हे. गेममध्ये गाव वाचतं आणि राग उरतो. मिबोरोत गाव गेलं. तिथल्या रागाचं काय झालं, हे मात्र फुलांच्या फोटोंत दिसत नाही.

असो. उद्या सोमवार.