हिंगण्याच्या विद्यापीठाचे जपानी कुळ

श्रीमती नाथीबाई दामोदर ठाकरसी महिला विद्यापीठाची वंशावळ सांगताना १८९६ चा अनाथ बालिकाश्रम, १९०७ चे महिला विद्यालय आणि १९१६ चे विद्यापीठ अशी सरळ शाखा दाखविण्याचा प्रघात आहे. परंतु या वंशात टोकियोहून झालेले एक दत्तकविधान आहे, आणि माझ्या मते विद्यापीठाच्या चेहऱ्यावर त्याचीच छाप अधिक उमटली आहे.

काशीच्या बाबू शिवप्रसाद गुप्तांनी टोकियोच्या जपानी महिला विद्यापीठाची माहितीपुस्तिका धाडली, ती आमच्या विद्यापीठाचे संस्थापक अण्णासाहेब कर्व्यांनी चाळून बाजूस ठेवली, आणि १९१५ च्या अखेरीस मुंबईच्या सामाजिक परिषदेचे अध्यक्षपद गळ्यात पडल्यावर, भाषणास विषय हवा म्हणून, तीच पुन्हा हाती घेतली. हिंगण्यातील आश्रमात बीज पडलेलेच होते, पुस्तिका निमित्तमात्र, असे यावर कोणी म्हणेल. स्वभाषेचा आग्रह तर न्यायमूर्ती रानड्यांपासून चालत आलेला. हे खरेच, तथापि विधवांसाठी शाळा काढणे निराळे आणि सरकारी सनदेची वाट न पाहता पदव्या देऊ लागणे निराळे. हे दुसरे धाडस टोकियोचा दाखला समोर नसता तर अण्णासाहेबांच्या हिशेबी बुद्धीला सुचले असते, असे मला वाटत नाही.

विद्यापीठ निघाले तेव्हा भांडारकर कुलपती, परांजपे कुलगुरू आणि महाविद्यालयात विद्यार्थिनी पाच! शिक्षण स्वभाषेतून, इंग्रजी मात्र सक्तीची, आणि ही सक्ती गांधीजींना रुचली नाही. पदवीचे नाव 'गृहीतागमा' असे भारदस्त, पण सरकारदरबारी तिला मोल नाही. १९२० साली विठ्ठलदास ठाकरसींनी पंधरा लाखांची देणगी जाहीर केली, तेव्हा कोठे वर्षास ५२,५०० रुपयांच्या व्याजाचा आधार झाला.

आता टोकियोची सनद पाहू. १९०१ साली ते विद्यापीठ स्थापणारे जिन्झो नारुसे स्वतः अमेरिकेत शिकून आलेले, तेव्हा मूळ पुरुष बोस्टनकडे शोधावा असा प्रतिपक्ष संभवतो. पण अमेरिकेतील स्त्रियांच्या महाविद्यालयांना कायद्याची सनद असे, तर नारुशांच्या संस्थेच्या नावात विद्यापीठ असूनही जपानी कायद्याच्या लेखी ती कित्येक वर्षे विशेष शाळाच राहिली आणि विद्यापीठाचा दर्जा तिला १९४८ साली मिळाला. आमच्या विद्यापीठाचा कायदा मुंबई सरकारने केला तो १९४९ साली. हा योगायोग कोणी म्हणतील, तर म्हणोत बापडे. कुळाची खूण मी यालाच मानतो.