दुसऱ्या मुंबईचं गणित, आणि तिसरीआधीचे तीन प्रश्न

सध्या 'तिसऱ्या मुंबई'ची चर्चा जोरात आहे. जानेवारी २०२४ मध्ये अटल सेतू सुरू झाला. त्याच्या पलीकडच्या टोकाला उरण, पनवेल आणि पेण तालुक्यांतल्या १२४ गावांच्या जागेवर नवं शहर वसवायचं ठरलंय. नकाशे व्हॉट्सॲपवर फिरतायत, एजंटांचे फोन येतायत. पण मंडळी, हा प्रयोग आपल्याकडे एकदा होऊन गेलाय. दुसरी मुंबई कागदावर कशी होती आणि जमिनीवर कशी उतरली, हे एकदा नीट बघूया. पोस्ट लांब आहे, चहा घेऊन बसा.

१९५१ च्या जनगणनेत बृहन्मुंबईची लोकसंख्या सुमारे ३० लाख होती. १९६१ मध्ये ती साडेएक्केचाळीस लाख झाली आणि १९७१ मध्ये ६० लाखांच्या घरात गेली. शहराचा आकार तुम्हाला माहीत आहेच, बोटासारखा लांब आणि अरुंद. सरकार, बँका, कंपन्यांच्या कचेऱ्या बोटाच्या दक्षिण टोकाला, फोर्टात. गोदी तिथेच, गिरण्या थोड्या वर परळ-लालबागला. लोकांना राहायला जागा मात्र उत्तरेकडेच उरलेली. म्हणजे रोज सकाळी सगळं शहर दक्षिणेला धावणार आणि संध्याकाळी उत्तरेला परतणार. सकाळी गाडी जाताना खचाखच आणि येताना मोकळी. रेल्वे दुप्पट केली तरी अर्धी क्षमता वायाच.

१९६४ मध्ये महापालिकेचा विकास आराखडा आला. तो शहराच्या हद्दीतच विचार करत होता. त्यावर १९६५ मध्ये तिघांनी 'मार्ग' मासिकात वेगळीच मांडणी केली. वास्तुविशारद चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि स्थापत्य अभियंता शिरीष पटेल. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: मुंबईचं दुखणं गर्दीचं कमी आणि रचनेचं जास्त आहे. कामाची ठिकाणं एका टोकाला असतील तर कितीही रस्ते बांधा, काही उपयोग नाही. खाडीपलीकडे तितक्याच वजनाचं दुसरं केंद्र उभं करा, म्हणजे उत्तर-दक्षिण लोंढ्याला पूर्व-पश्चिम वाट मिळेल. आणि हे व्हायचं असेल तर राज्य सरकारनेच आधी पलीकडे जायला हवं.

याला मी 'मॉडेल' म्हणतो. कारण इथे शहराकडे इमारतींचा ढीग म्हणून बघितलेलं नाही. कामं, घरं, अंतर आणि जमिनीचा भाव या एकमेकांना ओढणाऱ्या गोष्टी आहेत, एक हलवली की बाकीच्या हलतात, असं ते बघणं आहे. ही पद्धत जुनी आहे. १८२६ मध्ये योहान फॉन थ्यूनेन या जर्मन जमीनदाराने बाजारापासूनच्या अंतरावर कुठलं पीक परवडतं, याचा हिशेब मांडला होता. भाजी आणि दूध शहराजवळ, धान्य लांब. १९६४ मध्ये अमेरिकेत आयरा लोरी यांनी पिट्सबर्ग शहराचं मॉडेल केलं. त्यातला तर्क तुमच्या-माझ्या रोजच्या अनुभवातला आहे. समजा, एका ठिकाणी कारखाना आला आणि हजार माणसं कामाला लागली. ती जमेल तितक्या जवळ घर शोधणार. घरं आली की किराणा, शाळा, दवाखाना, सलून आलं. त्यात काम करणारी आणखी काहीशे माणसं आली, त्यांनाही घरं लागली. असं फिरत फिरत शहर वाढतं. या साखळीची पहिली कडी म्हणजे काम. घर नंतर.

मुंबईच्या तिघांची मांडणीही याच तर्कावर उभी होती. आधी कामं हलवा, माणसं मागोमाग येतील.

सरकारने कल्पना उचलली, हे खरं. अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या समितीनेही खाडीपलीकडे वाढ न्यावी असं सुचवलं. मार्च १९७० मध्ये सिडको स्थापन झाली. ठाणे, पनवेल आणि उरण भागांतली ९५ गावं, सुमारे ३४४ चौरस किलोमीटर जमीन. उद्दिष्ट २० लाख लोकसंख्येचं. एकच मोठं केंद्र न करता रेल्वे स्थानकांभोवती छोटी छोटी शहरं, ज्यांना आपण आजही 'नोड' म्हणतो. पैशाची सोयही हुशारीची होती: जमीन स्वस्तात घ्यायची, रस्ते-पाणी-वीज आणायची, वाढलेल्या भावाने विकायची, आणि त्या पैशातून पुढचं शहर बांधायचं.

आता गंमत बघा. ज्या सरकारने पलीकडे जायचं होतं, ते हललंच नाही. उलट त्याच काळात नरिमन पॉइंटला समुद्रात भराव घालून टोलेजंग ऑफिसं उभी राहत होती. १९८१ मध्ये नव्या विधान भवनाचं उद्घाटन झालं, तेही नरिमन पॉइंटलाच! मंत्रालय जागेवर, विधानसभा जागेवर. बेलापूरला कोकण भवन आलं, पण ते विभागीय कार्यालय. मॉडेलमधली पहिली कडीच सरकारने काढून घेतली आणि मग शहर का वाढत नाही म्हणून सगळे डोकं खाजवत बसले.

दुसरी गोष्ट रेल्वेची. खाडीवरचा रस्त्याचा पूल सत्तरच्या दशकात झाला, पण मानखुर्द-वाशी लोकल धावली १९९२ मध्ये. म्हणजे सिडकोनंतर बावीस वर्षांनी. त्या मार्गाच्या खर्चातला दोन तृतीयांश वाटा सिडकोने उचलला, तेव्हा कुठे काम झालं. ठाणे-वाशी मार्ग तर २००४ चा. स्थानकांभोवती आखलेलं शहर, आणि स्थानकच नाही! नवी मुंबई ही बराच काळ 'झोपायला जायची जागा' राहिली ती यामुळे.

मग जे चाललं ते का चाललं, हेही बघायला हवं. मशीद बंदर, भायखळा, क्रॉफर्ड मार्केट इथले घाऊक बाजार ऐंशीच्या दशकापासून टप्प्याटप्प्याने वाशीला आणले गेले. आधी कांदा-बटाटा, मग मसाले, धान्य, फळं, भाजी. व्यापाऱ्यांनी विरोध केला, कुरकुर केली, पण शेवटी आले. आणि बाजार आला तशी त्याच्यामागे माथाडी आली, ट्रक आले, हॉटेलं, बँका, गाळे आले. १९८९ मध्ये न्हावा-शेवा बंदर सुरू झालं, त्यानेही हेच केलं. कामं हलली तिथे माणसं हलली. तिघांचा तर्क बरोबर होता, फक्त तो अर्धाच वापरला गेला.

दरम्यान मुंबईतली कामं फोर्टातून हललीच, पण खाडी ओलांडून नाही. ती गेली वांद्रे-कुर्ला संकुलात, अंधेरीत आणि १९८२ च्या संपानंतर बंद पडलेल्या गिरण्यांच्या जमिनींवर. शहर असंच असतं. तुम्ही एक दार अर्धवट उघडलंत, तर ते आपलं आपण दुसरं दार शोधतं. २०११ च्या जनगणनेत नवी मुंबई महापालिकेची लोकसंख्या ११ लाख २० हजार होती. पनवेलकडचे नोड त्याबाहेरचे. तरीही वीस वर्षांत गाठायचा आकडा चाळीस वर्षांनीही सहज हाती आलेला नव्हता.

आता सगळ्यात महत्त्वाचं. या मॉडेलमध्ये एक गोष्ट धरलीच नव्हती: तिथे आधीपासून राहणारी माणसं. नकाशावर ती जागा 'उपलब्ध जमीन' होती. प्रत्यक्षात तिथे आगरी-कोळी गावं होती, भातशेती होती, मिठागरं होती, खाडीतली मासेमारी होती. तेव्हाच्या कायद्यानुसार अधिसूचना निघाली की मोबदल्यासाठी जमिनीचा भाव त्या तारखेला गोठायचा. पुढे त्याच जमिनीची किंमत कितीही वाढो, ती वाढ शहराच्या खात्यात. सिडकोचं अर्थकारणच या फरकावर उभं होतं. १६ आणि १७ जानेवारी १९८४ ला दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी रस्त्यावर उतरले, पोलिसांनी गोळीबार केला, पाच जणांचा जीव गेला. त्यानंतर साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचं तत्त्व पुढे आलं. कुटुंबं वाढली तशी गावठाणालगत लोकांनी घरं बांधली. त्या 'गरजेपोटीच्या घरां'चा वाद आजतागायत संपलेला नाही. मॉडेलमध्ये ज्याला जागा दिली नाही, ते असं पन्नास वर्षं दार ठोठावत राहतं.

मॉडेल करणारे मूर्ख होते, असं मला अजिबात म्हणायचं नाही. १९७३ मध्ये डग्लस ली या अमेरिकी नियोजनतज्ज्ञाने मोठमोठ्या शहरी मॉडेल्सवर मृत्युलेखच लिहिला होता. पण मॉडेल मेली नाहीत. आज संगणक शंभरपट हुशार झालाय, वाहतुकीचं अनुकरण पडद्यावर रंगीत दिसतं. तरी त्यात काय घ्यायचं आणि काय सोडायचं, हे माणूसच ठरवतो. आणि ठरलेलं पाळायचं की नाही, हे सरकार.

म्हणून तिसऱ्या मुंबईचा नकाशा समोर आला की रंग बघत बसू नका. तीन प्रश्न विचारा. पहिला, इथे नेमकी कुठली कामं येणार, आणि ती आणणारा स्वतः इथे येणार का? दुसरा, लोकल आणि बस घरांच्या आधी येणार की वीस वर्षांनी? तिसरा, १२४ गावांतल्या माणसांना वाढलेल्या किमतीत वाटा आजच लिहून मिळणार, की त्यासाठी पुन्हा कुणाला जासईच्या रस्त्यावर उतरावं लागणार?

या तीन प्रश्नांची उत्तरं १९७० मध्ये कुणी लेखी मागितली नव्हती. ग्रामसभेत, हरकती-सूचनांच्या सुनावणीत, आमदारांच्या भेटीत ती आता मागा. तुमच्या गावाचं नाव त्या यादीत असेल, तर खाली नक्की लिहा.